कुंकवाखालचं नाव

आमी मूळचे खंडाळ्याकडचे, पण पाच पिढ्या झाल्या पलूसच्या बाजूला ऊस करतोय, आणि फौज म्हणाल तर घरात लय जुनी. माझ्या आज्ज्याचा आज्जा रावजी, त्यो गोऱ्या सायबाच्या पलटणीत हुता, आणि शौर्याचा चांदीचा बिल्ला आमच्या देव्हाऱ्यात. दसऱ्याला कोयता, ट्रॅक्टरची चावी आणि मधी बिल्ला, त्याला हळदकुंकू, आणि गावातलं जे कोण फौजेत निघंल ते आदी आमच्या दारात येऊन बिल्ल्याला हात लावणार, ही रीतच. मग मी सुरू. काय सांगू तुमाला, खराटा बंदुकीगत खांद्याला लावायचा, अंगणात पालथं पडायचं, तोंडानं गोळ्या सोडायच्या, रावजी सरहद्दीवरच्या दरीत कसा सरपटत गेला आणि जखमी सायबाला कसा पाठीवर घिऊन आला. बायको म्हणायची, आवं, विजारीचा तरी इचार करा.

एका साली मला बुद्धी झाली, बिल्ला चिंचंनं घासावा. कडंला वर्सावर्साचं कुंकू घट्ट बसल्यालं, ते निघालं, आणि खाली इंग्रजीत नाव, हुसेन. वडिलांपुढं धरला. म्हाताऱ्यानं नावावरनं अंगठा फिरवला. मग म्हणाला, गड्या, कुंकू कुणी उगंच थापत न्हाई. रावजी आणि हुसेन एका आळीतले, एका दिवशी भरती झालेले. दरीत गेला त्यो हुसेन. बिल्ला मिळाला आणि घरी येताना वाटंत तापानं गेला. जाताना म्हणाला, रावजी, एवढा माझ्या घरी दे. रावजी वेशीत आला, बिल्ला हातात, गावानं इचारलं बी न्हाई, हलगी लावून मिरवला, आणि मिरवणूक हुसेनच्या बायकूच्या म्होरनं गेली. उद्या देतो म्हणला. त्यो उद्या काय उजाडला न्हाई.

आणि मी काय केलं? हुसेनच्या घरचे आजबी त्याच आळीत, चार घरं सोडून. मी कडंला परत कुंकू थापलं. बोटानं, दाबून. आणि त्या दसऱ्याला गोष्ट अशी रंगवली की बायामाणसं रडली. रावजीचं रावजी बघंल, पर त्ये बोट माझं हुतं.

गेल्या दसऱ्याला दस्तगीर शिंपी आला, हुसेनच्या घरातला. संगट लेक रेश्मा, फौजेत नर्स म्हणून निघालेली. पोरगी रीतीपरमाणं हात लावाय वाकली, मी खराटा उचललेला, अंगण भरल्यालं, आणि तोंडातनं निघालं, थांब बाई, ह्यो तुमचाच हाय. मग सगळंच सांगितलं.

दस्तगीर पेढ्याचा पुडा सोडत हुता. म्हणला, आमाला ठावं हाय की. घरात पैल्यापासनं सांगत्यात.

मी म्हणलं, लेका, मग एवढी वर्सं हितं बसून ऐकलंस, बोलला का न्हाईस?

तर म्हणतो, आमच्या माणसाचं तुमी लय झ्याक सांगता. नाव तेवढं आमी मनात बदलून घ्यायचो.

काय सांगू तुमाला, चारचौघांत शिव्या दिल्या असत्या तर सोसलं असतं.

बिल्ला त्याच्या घरी गेला. अवंदा त्यानंच गोष्ट सांगाय बोलावलं. गेलो, पालथा पडलो, सरपटलो, आणि ऐन दरीत तोंडातनं रावजीच निघालं. दस्तगीरची आई बसल्या जागी म्हणाली, हुसेन. मी मान खाली घातली आणि पैल्यापासनं सुरू केलं. रेश्मा तिकडं सरहद्दीवर बर्फात हाय म्हणं. माझ्या वाटणीचं आयुष्य तिला लागू दे, तुमी ह्ये लिवून घेताय न्हवं, त्यात एवढं लिवा.