मधली खुर्ची

...नाही, पण खुर्ची बदलायची काही सोय असते की नाही? डावीकडे सासरे, उजवीकडे बायको, पडद्यावर तोच तो गाजलेला संगीत चित्रपट, आणि मी... मी मधल्या खुर्चीत!

तुम्हाला सांगतो, तीस वर्षांपूर्वी हाच चित्रपट मी पेपरात सोलून काढला होता. ‘मूळ नाटकाचा मुडदा पाडला’ असं ठणकावून लिहिलं! त्या नाटकाचे प्रॉम्प्टर म्हणजे हे सासरे. विंगेत उभं राहून नटांना वाक्यं पुरवण्यात हयात गेली. परीक्षण वाचलं आणि खूश होऊन मुलगीच दिली हो मला! आता तो चित्रपट पुन्हा थेटरात लागलाय, तर संपादक म्हणतात, ‘‘पुन्हा बघा, पुन्हा लिहा. संध्याकाळपर्यंत!’’

बरं, सासरे गप्प बसतील? छे! नायकानं तोंड उघडायच्या आत यांचं सुरू, ‘‘थांब, जाऊ नकोस...’’ अख्ख्या थेटरला ऐकू जाईल असं! पुढची बाई वळून म्हणते, ‘‘आजोबा, त्याला पाठ आहे!’’ मी तोंड कुठं लपवू? मी मधल्या खुर्चीत!

आणि खरा घोळ सांगू? चित्रपट चांगला आहे हो! नाटकात निरोपाचं गाणं वन्समोअर घेत घेत अर्धा तास चालायचं, इथं तीन मिनिटांत डोळ्यांना धार... पण हे छापलं तर सासऱ्यांना काय तोंड दाखवू?

तेवढ्यात डावीकडून कुजबुज, ‘‘दार उघडंच ठेवते...’’ आणि मग नायिका म्हणाली, ‘‘दार उघडंच ठेवते.’’ अहो, हे वाक्य नाटकात नव्हतंच! मी वळलो. म्हातारा रुमालानं डोळे पुसतोय!

‘‘बाबा, कितव्यांदा?’’

‘‘अकराव्यांदा. लग्नानंतर चुका काढायला म्हणून गेलो, आणि अडकलो.’’

‘‘मग तीस वर्षं शिव्या कशाला?’’

‘‘जावयाचा शब्द खाली कसा पाडायचा, जावईबापू?’’

उजवीकडून बायको, ‘‘अहो, काय म्हणतायत बाबा?’’

आता काय सांगू? हिनं हौसेनं आणलेली या गाण्यांची रेकॉर्ड बाबांनी परत करायला लावली होती. माझ्या घरी बिचारी हीच गाणी न्हाणीघरात, नळ सोडून गुणगुणते! सासऱ्यांनी माझा गुडघा असा दाबला...

‘‘म्हणतायत, नाटकच बरं होतं.’’

‘‘म्हणणारच! तुम्ही दोघं एकाच माळेचे मणी.’’

झालं! लेखात काय लिहिलं विचारता? ‘नाटकाची सर नाही.’ दुसरं काय लिहिणार? छापून आला, तर सासऱ्यांचा सकाळीच फोन, ‘‘फक्कड! पण चुका अजून राहिल्यात. रविवारची तीन तिकिटं काढलीत.’’

मी काकुळतीला येऊन म्हटलं, ‘‘बाबा, निदान या वेळी कडेची...’’

‘‘छे छे! मान तुमचा. तुम्ही मध्ये!’’