गरम तोफ

आईशपथ सांगतो, यातला शब्द न् शब्द खरा आहे. एखादा सोडून.

भोसले आणि इंग्रज जिथे लढले ते किल्ले दाखवणारी एका दिवसाची सहल होती. मनीषनगरातून आम्ही नवराबायको गेलो. पहिल्याच किल्ल्यात गाईडनं बजावलं, "कोणाजवळ खायचं सापडलं, तर साऱ्या बसले वापस नेतो!" आणि तो पिशव्या तपासायला लागला. आमच्या पिशवीत सकाळीच तळलेल्या सांबारवड्यांचा, म्हणजे कोथिंबीर भरलेल्या वड्यांचा, गरम डबा. बायकोनं तो गुपचूप जवळच्या तोफेच्या तोंडात सरकवला.

"अवं, हे काय?" मी कुजबुजलो.

"काहून घाबरून राहिले? तोफेत कोण पाहते?"

गाईडच पाहतो! "तोफ किती खोल आहे बघा," म्हणत त्यानं कोपरापर्यंत हात आत घातला आणि एकदम थांबला. आता सारी बस आम्हाला शिव्या देत परतणार!

त्यानं रिकामा हात बाहेर काढला, बोटं हुंगली आणि गंभीरपणे म्हणाला, "मागे सरका गा. दोनशे वर्षं झाली, पण तोफ अजून गरम आहे."

लोकांनी टाळ्या वाजवल्या आणि ते पुढे सरकले. गाईड तोफेजवळच थांबलेल्या बायकोजवळ आला. "ताई, सांबारवडी हाय ना?"

"हो भाऊ. घ्या ना एक."

त्यानं एक घेतली. माझा जीव भांड्यात पडला.

यात खोटं एवढंच, की त्यानं एक घेतली. अख्खा डबा गेला. आम्ही उपाशीच, पण कोणाच्या शिव्या न खाता घरी आलो.