हातखंब्याच्या दमयंतीची वाटणी

…आणि वर मलाच सांगतात, "बाई, जरा लवकर लवकर बोला!" लवकर? एकतीस वर्षं "बसा, पुढची तारीख" म्हणून घरी पाठवलंत, आणि आता लवकर? तुम्हाला सांगते, मी दमयंती, हातखंब्याला चहा-भज्यांची टपरी चालवते, गाडीतून उतरणाऱ्या माणसाकडे बघून सांगेन साखर किती लागेल ती, पण हे कोर्ट… मला मेलीला काय कळणार?

झालं असं, वडील गेले, मागे आंब्याची बाग, दोन भाऊ आणि मी. थोरला काशीदादा, धाकटा हरी. दोघांचं फाटलं, दादाने हरीवर वाटपाचा दावा लावला. लावा बापडे! पण समन्स मलासुद्धा! म्हटलं, "दादा, मी रे काय केलं?" तर म्हणतो, "बाय, तुझ्याशी भांडण नाही गो. पण तुझ्यावर दावा लावल्याशिवाय तुला हिस्सा कसा मिळणार?" घ्या! म्हणजे दावा लावला तो माझ्या भल्यासाठी! मला मेलीला काय कळणार?

मग काय, तारीख की एसटी, एसटी की तारीख. ह्या बाकड्यावर दादा, त्या बाकड्यावर हरी, एकमेकांकडे बघायचं नाही, आणि मी मधे दोघांचे घावणे घेऊन! दादाचा वकील वारला, त्याचा मुलगा वकील होऊन आला. मधेच कायदा बदलला, म्हणे आता तुमचा हिस्सा भावांएवढा. मी घाबरले! म्हटलं, "मी काही नाही हो केलं, मी भजी तळत होते!"

आणि गेल्या साली वरच्या कोर्टाचा कागद आला… जुने वाटपाचे दावे सहा महिन्यांत संपवा! अहो, धावपळ म्हणजे काय! दर आठवड्याला तारीख, वकिलांना धाप! न्यायाधीश मॅडम माझ्या सुनेच्या वयाच्या. म्हणाल्या, "तुमचं म्हणणं काय?" म्हटलं, काहीच नाही. "मग एकतीस वर्षं येता कशाला?" म्हटलं, "तेच कोणीतरी सांगेल म्हणून!" सगळे हसले. मॅडम नाही हसल्या. म्हणाल्या, "तुम्हाला हवंय काय, आजी?" एकतीस वर्षांत कोणी विचारलं नव्हतं हो! म्हटलं, "हे दोघे एकमेकांशी बोलतील, असं काही लिहून देता येतं काय?" मॅडम हळूच म्हणाल्या, "ते कायद्यात नाही."

लागला निकाल! कोर्टाने नेमलेला कमिशनर मोजणीला आला, साखळी ओढली, दगड पुरले, तीन वाटे. आणि बागेत जायची पाणंद आली नेमकी माझ्या वाट्यात! कमिशनर म्हणाला, "ही तुमची हद्द, गुरं येतील, बंदोबस्त करा." म्हणून मी बांबूचं बेडं लावलं. कुलूप नाही, कडी नाही, नुसतं ढकललं की उघडतं. चुकलं काय माझं? मला मेलीला काय कळणार?

परवा टपरीसमोर एक रिक्षा थांबली. आतून उतरला दादा, आणि त्याच रिक्षातून हरी! दादा त्याला म्हणतो, "पैसे मी देतो रे," आणि हरी म्हणतो, "राहू दे, दादा!" अहो, माझ्या हातातला झारा पडला! डोळ्यांत पाणी! दोघांना एका बाकड्यावर बसवलं, गरम भजी वाढली, एका ताटलीत खाल्ली हो दोघांनी…

मग हरीने खिशातून कागद काढला. "ताय, वकिलाची नोटीस. तू वाट अडवलीस म्हणून आम्ही दोघे मिळून दावा लावतोय."

म्हटलं, "अरे, ढकला की बेडं!"

दादा म्हणतो, "आज ढकलू गो, पण तुझ्यामागे तुझी मुलं? कोर्टाचा हुकूम पाहिजे."

"मग मी लिहून देते!"

"लिहून दिलेलं टिकत नाही, बाय. आणि आता कोर्टात लवकर होतं!"

पोच म्हणून सही मागितली. केली. काय करणार? एकतीस वर्षांनी माहेरची माणसं जोडीने दारात आली… रिकाम्या हाताने पाठवू?