दोन जीबी मोकळी जागा

…आणि वर साहेब मलाच विचारतात, "'थरारक' किती वेळा लिहाल हो?" अहो, गेमच आहे तो! गाडी पळते, आपटते, पुन्हा पळते, त्याला थरारक नाही म्हणायचं तर काय सोज्वळ म्हणायचं? तुम्हाला सांगतो, माझं काम काय, तर मोबाइलवरच्या गेमची माहिती कंपनीने लिहिलेली असते, तीच आमच्या साइटसाठी पुन्हा लिहायची, पण वेगळ्या शब्दांत, कारण मजकूर सारखा वाटला की नक्कल पकडणारा कॉम्प्युटर लाल होतो, मग साहेब लाल होतात आणि काचेच्या केबिनमधून एकच हाक… "शब्द बदला, अर्थ बदलू नका!"

बदलले! शत्रूचा वैरी केला, वैऱ्याचा प्रतिस्पर्धी केला, 'नायनाट करा'चं 'धूळ चारा' केलं. घरी बायको म्हणाली, भाजी संपली, तर तोंडातून निघून गेलं, "'संपुष्टात आली' म्हण!" त्यावर ती जे बोलली त्याला पर्यायी शब्द नाही सापडला अजून.

पण खरी गोची वर्णनात नाही, खाली असते. 'आवश्यकता : दोन जीबी मोकळी जागा.' आता दोनला दुसरा शब्द काय? जीबीला काय? तसंच ठेवलं, तर लाल. साहेब म्हणाले, "आकडा काढा हो, छानसं वाक्य करा! शब्द बदला, अर्थ बदलू नका!" केलं छानसं वाक्य. 'फोनमध्ये थोडीशी जागा करा आणि खेळायला लागा!' झालं हिरवं. साहेबांनी पाठ थोपटली. मग काय, प्रत्येक गेमखाली तेच… थोडीशी, जराशी, किंचित!

आता माझी आई. एकटी राहते. जन्मात गेम खेळली नाही, पण मुलाने लिहिलंय म्हणून प्रत्येक गेम डाउनलोड करून ठेवते आणि शेजारणीला दाखवते, "हा आमच्या पोराचा!" परवा गेलो होतो तिच्याकडे, सहज म्हटलं, आई, बाबांचे व्हिडिओ लाव ना. बाबा इलेक्ट्रिशियन. ऑपरेशनला जायच्या आधी घरातलं सगळं तिला तिच्याच फोनवर व्हिडिओ करून शिकवून ठेवलं होतं, फ्यूज, गीझर, पंप… आणि थोडक्यात सांगणं हे त्या माणसाला ठाऊकच नव्हतं! ऑपरेशनहून ते काही परत आले नाहीत. व्हिडिओ तेवढे राहिले.

तर आई म्हणते कशी, "काढले की रे. तूच लिहितोस ना, थोडीशी जागा करा म्हणून? फ्यूज बसवायला आला, तो काढला. गीझरचं आलं, तो काढला. येतं ते कशाला ठेवायचं?"

"अगं, मग गेम काढायचे!"

"तुझे कसे काढू?"

एकेका शब्दाला पाच-पाच शब्द तयार असतात माझ्याकडे… एक नाही आला. म्हटलं, राहिलंय काय मग? तर म्हणे, "टाकीचा आहे. तो कॉक अजून नाही जमत मला." लावला. बाबा गच्चीवर, वाऱ्यात, खोकत… "हा डावीकडे फिरव. अगं, माझ्या नाही, तुझ्या डावीकडे! कळलं? नाही कळलं तर पुन्हा बघ." आई म्हणाली, "बघते हं." व्हिडिओला! घरात नळाला पाणी मात्र छान येत होतं.

दुसऱ्या दिवशी ऑफिसात नवा गेम. मी खाली लिहिलं, 'दोन जीबी मोकळी जागा.' आकड्यासकट! लाल झालं, म्हटलं होऊ दे, साहेब जेवायला गेलेत तोवर चढवलं साइटवर. तासाभरात आईचा फोन.

"नवीन आलं वाटतं तुझं. दोन जीबी म्हणजे किती रे?"

"किती म्हणजे… तो टाकीचा व्हिडिओ आहे ना, तेवढं."

"मग नको रे," म्हणाली, आणि ठेवला.

बघा! इतकी वर्षं लिहितोय, पहिल्यांदा कुणाला तरी माझा मजकूर नेमका कळला… आणि मागे केबिनचं दार उघडलं. "अहो, हे काय चढवलंत? शब्द बदला!"

म्हटलं, बदलतो साहेब… वरचे सगळे बदलतो, खालचे तेवढे राहू द्या.