जांभळ्या शाईतला शेरा

इजिप्तमधल्या झगाझिग शहरातल्या दवाखान्यात डोळ्यांत औषध घालून सुहैर डोळे मिटून बसली होती. शेजारी दोन म्हातारे गुरांचे डॉक्टर बोलत होते.

“लुत्फी, आपलं पशुवैद्यकाचं नियतकालिक आता कागदावर निघणार नाही म्हणे.”

“फिक्री, तुझा आयुष्यात एकच लेख छापला त्यांनी! रडतोस असा, जणू छापखाना तुझ्या आजोबांचा होता.”

“एकच, पण म्हशीच्या सडांवरचा! तोसुद्धा त्या निनावी परीक्षकानं आधी परत पाठवला. म्हणे, लेखकानं जन्मात कधी म्हशीची धार काढलेली दिसत नाही!”

“खोटं होतं का?”

“नव्हतं ना! म्हणून तर खेड्यात गेलो शिकायला. धार काढायला शिकवलं बसीमानं, आणि मग मी लग्नच केलं तिच्याशी. आता बसीमाही नाही, आणि ते नियतकालिकही चाललं. तो परीक्षक भेटला असता, तर आधी शिव्या घातल्या असत्या, मग मिठी मारली असती.”

“शेरा मात्र झकास होता. समासात तिरका, जांभळ्या शाईत.”

“हो, जांभळ्या… लुत्फी, तो कागद मी कुणाला दाखवायच्या आधीच चुलीत घातला होता.”

“नंबर आला तुझा. ऊठ, हात दे.”

“थांब. आधी शिव्या.”