उस्तादांच्या गाडीचे कागद

नाही मॅडम, बसत नाही मी. बसलं की इथे माणूस विसरला जातो — मागच्या खेपेला बसले होते त्या खुर्चीत, पंख्याखाली, तर तुमच्या आधी या खिडकीत जे गृहस्थ होते ते जेवून आले, रुमालाने हात पुसले आणि मलाच विचारतात, तुमचं काय काम. तेव्हा उभीच बरी. हा घ्या प्रथमोपचार पेटीचा फोटो. झाकण उघडं. मागच्या फोटोत झाकण बंद होतं म्हणून फाईल परत आली ना — आता उघडलंय, आत कापूस आहे, पट्टी आहे, कात्री आहे, बघून घ्या. त्याच्या आधी टायरचा फोटो, त्यावर सावली पडली म्हणून परत. त्याच्याही आधी नावातलं अक्षर — नोंदणीपुस्तकात वडिलांच्या नावाचं अक्षर आहे आणि परवान्यावर नाही, म्हणजे ही दोन वेगळी माणसं असू शकतात म्हणे. अहो, एकच माणूस आहे. तुमच्या फाटकाशी बसलेत बाहेर, गाडीत, मागे काचेच्या बाटल्या भरून. माझे सासरे. गाडीतळावर सगळे उस्ताद म्हणतात त्यांना, घरात आम्ही बाबा म्हणतो. दोन माणसं म्हणे. एक आवरताना नाकी नऊ येतात आमच्या.

काय? नाही, थेट तुमच्याकडे नाही, मधल्यातर्फे. म्हणजे त्याला नाव आहे, कंपनीचं नावही चांगलं लांबलचक आहे, पण आम्ही मधलाच म्हणतो. कारखान्याने माल दिला तुमच्या कंपनीला, तुमच्याकडे गाड्या कमी म्हणून तुम्ही दिला मधल्याला, आणि मधल्याकडे तर गाडीच नाही — एक ऑफिस आहे, दोन फोन आहेत आणि फिरणारी खुर्ची आहे — म्हणून त्याने दिला आम्हाला. तुम्ही कंत्राटदार, तो पोटकंत्राटदार, मग आम्ही कोण? पोटातल्या पोटातले. आणि कागद मात्र सगळ्यांना हवेत, तेच ते — विम्याची प्रत कारखान्याला, विम्याची प्रत तुम्हाला, विम्याची प्रत मधल्याला. धुराचा दाखला, ब्रेकचा दाखला, ड्रायव्हर दारू पीत नाही याचं पत्र. माल एकच, गाडी एकच, आणि फायली तीन. बरं, वाचतं कोण? नाही, तुम्हाला नाही म्हणत मी. तुम्ही नव्या दिसता. पण मला सांगा, सावली दिसते तुम्हा लोकांना, झाकण दिसतं, शिक्का जरा वाकडा पडला तर दिसतो — आणि जे बघायचं ते —

जाऊ द्या. काय म्हणतंय ते तुमचं यंत्र? पूर्ण? सगळं हिरवं?

नाही, थांबा, असं कसं सगळं हिरवं. नीट बघा. एकदा वरपासून खालपर्यंत यादी बघा ना, घाई काय आहे, रांगेत माझ्यामागे एकच माणूस आहे आणि तोही फोनवर बोलतोय. विमा आहे, ठीक. ब्रेक, ठीक. खाली या. ड्रायव्हरची तपासणी. रक्तदाब — तो आहे, मीच जोडलाय. पुढे? नजर. नजरेसमोर काय आहे? हिरवी खूण? ती कशी? मी दाखला दिलेलाच नाही. दिलेलाच नाही मॅडम, पहिल्या खेपेपासून ती जागा कोरी आहे, कोणाच्या तरी लक्षात येईल म्हणून वाट बघतेय मी. उघडा बरं ते, काय लावलंय तिथे.

वाचा. 'आमच्यामार्फत पाठवलेल्या सर्व चालकांची आरोग्यतपासणी आम्ही केलेली असून सर्व तंदुरुस्त आहेत.' खाली मधल्याची सही. सर्व चालक. त्याने बघितलं तरी आहे का सर्व चालकांना? आमच्या उस्तादांना तो फोनवर ओळखतो, आवाजावरून. एका पत्रात सगळ्यांचे डोळे तपासून मोकळा झाला. आणि तुम्ही ते लावून घेतलंत. एवढा मोठा शिक्का आहे ना, मग झालं.

हो, चिडलेय. चिडणारच. तुम्ही म्हणाल, बाईचं काम झालं, पास मिळतोय, गाडी सुटतेय, मग हिला झालंय काय. बरोबर आहे तुमचं. आता ताकाला जाऊन भांडं कशाला लपवू. ताई — ताई म्हटलं तर चालेल ना — ती सावली होती ना टायरवर, ती पडली नव्हती. मी पाडली होती. माझीच सावली आहे ती, नीट बघितलंत तर वेणीसुद्धा दिसेल. पेटीचं झाकणही मीच लावलं. नावाचं अक्षर मला ठाऊक होतं चुकलंय ते, तरी तसंच पाठवलं. फाईल परत आली की गाडी उभी, गाडी उभी की बाबा घरी. दर वेळी मी त्यांच्यासमोर तुमच्या ऑफिसच्या नावाने बोटं मोडायची, आणि ते म्हणायचे, असू दे गं, सरकारी असो की खाजगी, खिडकीतला माणूस सारखाच. आणि मी आत जाऊन जरा मोकळा श्वास घ्यायची. पण काल बाबा घरी असताना तो मधला स्वतः गाडीतळावर आला, घाई होती त्याला, स्वतःच्या फोनने फटाफट फोटो काढले त्याने, पेटीसुद्धा त्यानेच उघडली. आणि आज बाबा म्हणाले, गाडी भरूनच नेऊ, फाटकाशी उभी दिसली की कंपनीवाल्यांना लाज वाटेल. मग माझ्याकडे उरलं काय? ही एक कोरी जागा.

नाही, अगदी दिसतच नाही असं नाही. समोरचं दिसतं. तुम्ही समोर उभ्या राहिलात तर तुमच्या साडीची किनार कोणत्या रंगाची ते सांगतील. कडेचं दिसत नाही. आम्हाला तरी कुठे कळलं. जेवताना बाजूची वाटी हाताने चाचपायचे, आम्हाला वाटलं गप्पांच्या नादात. दाराच्या चौकटीला खांदा लागायचा, तर चौकटीलाच शिव्या. मग मध्ये एकदा त्यांचा क्लीनर तापाने झोपला, म्हणून मी गेले सोबतीला, त्याच्या जागेवर बसून. मला आवडतं जायला, लग्न होऊन आले तेव्हा पहिल्यांदा गाडीत त्यांनीच बसवलं होतं मला. तर एका वळणावर माझ्या बाजूने एक रंगारी सायकलवरून चाललेला, शिडी आडवी बांधलेली. मला वाटलं, बघितलंय त्यांनी, आता दाबतील ब्रेक, आता दाबतील. ते गाणं गुणगुणत होते. आणि गाडी त्याच्यावर चाललेली. मी ओरडले — काय ओरडले मलाही आठवत नाही, बाबा म्हटलं की नुसतीच किंचाळले — त्यांनी ब्रेक मारला, शिडीचं टोक आमच्या दाराला घासून गेलं. रंगारी खाली उतरला, आईवरून शिव्या दिल्या त्याने, आणि गेला. बाबा म्हणाले, दिसला होता मला.  गाडी तशीच उभी, मागून हॉर्न वाजतायत, आणि त्यांचे हात स्टिअरिंगच्या चाकावर — इतके घट्ट, की नखं पांढरी पडलेली. मग म्हणाले, घरात बोलू नकोस.

नाही बोलले. नवऱ्यालाही नाही. त्याचं काय आहे, पाठीच्या दुखण्याने तो गाडीवर बसू शकत नाही, गॅरेज बघतो, इंजिनातला आवाज ऐकून बिघाड सांगेल, पण बापासमोर त्याच्या तोंडून शब्द फुटत नाही. मीच नव्या चष्म्याचं निमित्त काढून त्यांना डॉक्टरकडे नेलं. काचबिंदू. डॉक्टरीणबाई तरुण होत्या, समजावून सांगितलं त्यांनी — आजोबा, गेली ती नजर परत येत नाही, उरलेली थेंबांनी सांभाळायची, आणि गाडी आता बंद. बाबा हसले. म्हणाले, मी कुठे विमान चालवतोय. पण थेंब घालतात बरं का. कोणी नसताना घालतात, गाडीत आरसा बघून, आणि मग डोळे पुसत उतरतात, धूळ गेली म्हणून.

मग सांगायचं होतं, म्हणता. सोपं आहे हो. तुम्ही सांगाल तुमच्या सासऱ्यांना? आणि हे कोण, तर मी लग्न होऊन आले तेव्हा घरात आत्या, काकू सगळ्या बसलेल्या, शिकलेली सून काय कामाची म्हणून कुजबुज चाललेली, आणि या माणसाने दुसऱ्या दिवशी सकाळी गाडीतळावरच्या खोलीत स्वतः टेबल उचलून नेलं. एक पाय लुळा होता टेबलाचा, त्याखाली फळीचा तुकडा ठोकला, आणि म्हणाले, आजपासून कागद तुझे, चाक माझं. तू माझ्या चाकात बोलायचं नाही, मी तुझ्या कागदात बोलणार नाही. कधी बोलले नाहीत. मी सही करायला पुढे केलेला कागद त्यांनी आजवर वाचला नाही. माझ्याच माणसांनी, माझ्या माहेरच्यांनी, माझ्यावर एवढा भरवसा ठेवला नसता. आता मी चाकात बोलू? म्हणून म्हटलं, कागदातूनच होऊ दे. कंपनी नाही म्हणाली, नियम आला, खिडकीतल्या बाई ऐकेनात — मग ते चिडतील तुमच्यावर, दोन दिवस जेवणार नाहीत धड, आणि मग बसतील गाडीतळावर, पोरांना गाडी मागे घ्यायला शिकवतील. उस्तादाला नियमाने थांबवलं, यात कमीपणा नाही. घरातल्या बाईने थांबवलं, यात आहे. त्यांना आहे, मला नाही.

तर ताई, एवढं करा. ती हिरवी खूण काढा. हे पत्र चालणार नाही, प्रत्येकाचा वेगळा दाखला हवा, असं लिहा, छापून द्या, शिक्का मारा, मी नेऊन दाखवते त्यांना. मी कशाला मध्ये पडू, असं वाटत असेल तुम्हाला. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं, असं झालंय माझं, म्हणून तुमच्या दारात आलेय.

नाही काढता येत? एकदा आलेली खूण? वरिष्ठ काढू शकतात. मग वरिष्ठांना — रजेवर. त्यांच्या जागी कोणी? बरं. आणि हा कसला आवाज? काय छापतंय ते? पास? तुम्ही तर काही दाबलंही नाहीत. आपोआप. फोटो मंजूर झाला की आपोआप. झाकण उघडं आहे ना, मग झालं. अहो ताई, या आख्ख्या इमारतीत एक माणूस नाही, ज्याला नाही म्हणता येतं? कारखाना म्हणणार, आम्ही यांना दिलं. तुम्ही म्हणणार, मधल्याने लिहून दिलंय. मधला म्हणणार, गाडी त्यांची, माणूस त्यांचा. आणि उद्या त्या वळणावर दुसरा कोणी शिडी घेऊन निघाला तर — आणि तेव्हा शेजारी मी नसले तर —

तुम्ही काय बघताय यादीत? चालक मागे घेणे. हे कोण करू शकतं? गाडीमालक किंवा अधिकृत सही करणारा. या फाईलवर सही तर माझीच आहे सगळीकडे. म्हणजे मीच. मग गाडीचं काय होतं? माल उतरवून दुसऱ्याच्या गाडीत. आणि आम्ही यादीत तळाला. पुन्हा काम कधी? सांगता येत नाही. हं. मधला तर फोन उचलणारच नाही आमचा मग.

त्यांनी हॉर्न वाजवला का आत्ता? नाही, दुसऱ्याचा असेल. त्यांचा हॉर्न मी ओळखते.

करा.

करा म्हटलं ना, मॅडम. मागे घ्या. कारण? कारण लिहायलाच लागतं? कुठली कुठली कारणं आहेत त्यात? गाडी नादुरुस्त — नको, गाडी माझ्या नवऱ्याच्या हातची आहे, ठणठणीत आहे, खोटं नाही लिहायचं तिच्यावर. चालक गैरहजर. तो तर फाटकाशी बसलाय तासभर. चालक आजारी — नको, हे नको, ते म्हणतील मी कुठे आजारी, आणि सगळ्या ड्रायव्हरांदेखत उतरून तुमच्याशी भांडायला येतील. आणखी काय आहे? इतर. हां, इतर टाका. पुढे लिहायला जागा येतेय ना, तिथे लिहा — सुनेने नाही म्हटलं.

हो, एवढंच. यंत्र घेत नसेल तर पुन्हा लिहा. घेतलं? सही कुठे करायची. ही झाली.

नाही, पाणी नको. आणि त्या भोंग्यावरून त्यांचं नाव पुकारू नका, मी जातेय त्यांच्याकडे. बोलवा पुढच्याला.