कुर्ल्याचं पोळ्यांचं मशीन

माझं कुणी ऐकलंच नाही गं, कारण मी सिनेमातलं सांगत होते. मुलीने मोबाइलवर एक जुना मुका सिनेमा दाखवला होता. त्यात एक लफंगा पेटीत चिंध्या टाकतो आणि दुसरीकडून कोट काढतो. आत त्याचा भाऊ शिवत बसलेला असतो. त्याला सुई टोचते, तशी अख्खी पेटी उड्या मारत बाजारभर पळते.

दुसऱ्याच दिवशी अंधेरीच्या आमच्या कॅन्टीनचे मालक कुर्ल्याच्या एका गाळ्यात पोळ्यांचं मशीन बघायला निघाले. कॅन्टीनच्या पोळ्या मीच लाटते, म्हणजे ते आलं की माझी नोकरी गेली, आणि पीठ मळायला मलाच बरोबर नेलं!

भिंतीला टेकून पत्र्याचा मोठा डबा होता. विकणाऱ्याने वरून माझं पीठ टाकलं, घरघर झाली आणि खालच्या फटीतून गरम पोळ्या आल्या. मी एक उलगडली. आत छान पदर सुटलेले.

"मालक, ही घडीची पोळी आहे. घडी घालायला हात लागतात. सिनेमातल्यासारखं आत कुणीतरी बसलंय."

"नोकरी जाणार म्हणून काहीही बोलू नकोस."

मग मी फटीला तोंड लावून ओरडले, "काय गं, मीठ घालायला विसरलीस?"

आतून बाई चिडून म्हणाली, "पीठ मी नाही मळलं, मी नुसत्या लाटते!"

माझी नोकरी राहिली. कॅन्टीनमध्ये सगळे विचारायला लागले, असल्या मशीनला भुललं कोण? मालकांनी सरळ मॅनेजर सतीशचं नाव सांगितलं. तो तर तेव्हा चार दिवस गावाला गेला होता. बिचारा सतीश.